सासऱ्यांच्या आडनावाचे बारसे

त्या सोमवारी सकाळी मी नेहमीप्रमाणे दुधाच्या बाटल्यांच्या किणकिणाटाने जागा झालो. खाली येऊन शेगडीतली राख काढली, कोळशाची बादली भरली, किटली चढवली आणि पाणी उकळेपर्यंत खिडकीशी उभा राहून दरीकडे पाहिले. दरी दिसत नव्हती. सप्टेंबरात सकाळी ती सहसा दिसत नाही. धुक्यातून गिरणीचे धुराडे तेवढे वर आले होते. किटली शिटी वाजवू लागली तशी वरच्या खोलीतून आमच्या चिरंजिवांनी तिला साथ दिली. मी चहा मुरायला ठेवला, चहादाणीला लोकरीची टोपी घातली (ही टोपी माझ्या सासूबाईंनी विणली असून तिची वीण त्यांनी मला दिलेल्या कोणत्याही स्वेटरपेक्षा सरस आहे), दोन टोस्ट भाजले, त्यांतला एक करपवला, करपलेला स्वतःच्या बशीत घेतला आणि ट्रे घेऊन वर गेलो. इथवर सर्व सुरळीत होते. त्या सकाळी मी ट्रे ठेवून मुकाट्याने खाली आलो असतो, तर पुढचे काहीच घडले नसते.

"आज तरी ठरवायचं का रे?" रोझलिंड मुलाला खांद्यावर थोपटत म्हणाली. "काल दूधवाल्यानं नाव विचारलं. अजून ठेवलं नाही म्हटलं, तर माझ्याकडे असं बघितलं, जणू मी मूल शेजारून मागून आणलंय."

मुलाच्या जन्माची नोंद करायला आमच्या कायद्याने सहा आठवड्यांची मुदत दिली आहे. मुदत दिली, की ती पुरती वापरून घेण्याची माझी प्रवृत्ती आहे. त्यामुळे मुलगा तीन आठवड्यांचा झाला, तरी आम्ही त्याला 'हा' म्हणत होतो.

"माझ्या मनात एक नाव आहे," मी म्हणालो.

"सांग की."

"गॉक्रोजर."

रोझलिंडने हातातला टोस्ट बशीत ठेवला. गॉक्रोजर हे तिचे माहेरचे आडनाव. हे नाव असे आहे, की ते उच्चारताना कुणीतरी घसा खाकरून भाषणाला उभे राहत आहे, असे वाटते. यॉर्कशरच्या आमच्या या दरीत पूर्वी म्हणे दगड भिरकावला तर तो एखाद्या गॉक्रोजरलाच लागे. आता एकच उरले होते, ते माझे सासरे. त्यांना तीन मुली. तिघींची लग्ने झाली, तिघींनी नवऱ्यांची नावे लावली. म्हातारा गेला, की नाव गेले. मी शाळेत इतिहास शिकवतो. घराण्याचा अस्त दिसला, की इतिहासाच्या मास्तराला स्वस्थ बसवत नाही. शिवाय आईच्या घराण्याचे आडनाव मुलाला नाव म्हणून देण्याची चाल आमच्या देशात जुनी आणि खानदानी आहे. स्टॅन्ली, सिडनी, क्लिफर्ड ही सगळी एके काळी आडनावेच होती. कुणीतरी पहिल्यांदा छातीचा कोट केला, म्हणून आज ती नावे आहेत.

हे सर्व मी रोझलिंडला सांगितले. एक गोष्ट सांगितली नाही, कारण ती तिला ठाऊक होती. मी डोंगरापलीकडचा, लँकशरचा आहे. हे अंतर सायकलने दोन तासांचे असले, तरी सासऱ्यांच्या लेखी ते फ्रान्सपेक्षा जास्त होते. नऊ वर्षांपूर्वी पहिल्या भेटीत ते मला म्हणाले होते, "तिकडचा का? हं. बूट पुसून ये." तेव्हापासून मी बूट पुसतच होतो. त्यांना मी 'मिस्टर गॉक्रोजर' म्हणे. त्यांनी दुसरे काही म्हण, असे कधी सुचवले नव्हते.

"बाबांना काय वाटेल रे?" रोझलिंडने विचारले.

"वाटेल म्हणजे? डोळ्यांत पाणी येईल त्यांच्या!"

"हो," ती सावकाश म्हणाली, "तेच म्हणतेय मी."

मी याचा अर्थ होकार असा घेतला.

त्याच दिवशी मी सासऱ्यांना गाठले. ते रेल्वेच्या बांधाखालच्या आपल्या मळ्यात होते. मळा म्हणजे नगरपालिकेने भाड्याने दिलेला जमिनीचा तुकडा आणि त्याच्या टोकाला जुन्या दारांचे ठोकून बनवलेले खोपटे. पण तिथे सासऱ्यांचे लीक वाढत होते. कांद्याच्या पातीच्या या थोरल्या भावाचे आमच्याकडे दर सप्टेंबरात प्रदर्शन भरते. एरवी सालस असणारी माणसे त्या महिन्यात एकमेकांकडे संशयाने पाहतात. सासरे दर वर्षी दुसरे येत. या वर्षी त्यांच्या वाफ्यात तीन लीक असे उभे होते, की त्यांच्याजवळ मोठ्याने बोलायलाही त्यांनी सासूबाईंना बंदी केली होती.

मी हळू आवाजात माझा बेत सांगितला. सासऱ्यांनी तोंडातला पाइप काढला. माझ्याकडे पाहिले. मग लीककडे पाहिले. मग पाइप पुन्हा तोंडात घातला.

"हं," ते म्हणाले, आणि खोपट्यात निघून गेले.

आता इथे मला थोडे विषयांतर केले पाहिजे. आमच्या दरीतली माणसे स्पष्टवक्तेपणासाठी प्रसिद्ध आहेत. ती प्रसिद्धी बव्हंशी त्यांनी स्वतःच केली आहे. माझ्या मिश्या, माझी सायकल, माझा उच्चार, लँकशरचे क्रिकेट या सर्वांविषयीची आपली मते सासऱ्यांनी मला तोंडावर ऐकवली होती. अशा माणसाने नुसते 'हं' म्हणावे, याचा अर्थ त्याचा कंठ दाटून आला, याखेरीज दुसरा काय होऊ शकतो? सासूबाईंनीही त्या संध्याकाळी दुजोरा दिला.

"आल्यापासून एक अक्षर बोलले नाहीत," त्या म्हणाल्या. "जेवणावर लक्ष नाही. खूपच मनाला लागलंय बाई त्यांच्या." मग त्या म्हणाल्या, "तुलाही आवडलंय ना, रोझलिंड?"

"तुला आवडलं ना, आई?"

"मला काय, तुम्हाला आवडलं की मला आवडलं."

एवढ्या एकमताने आमच्या घरात यापूर्वी काहीही ठरले नव्हते. भिंतींच्या रंगावरून आम्ही एक हिवाळा भांडलो होतो.

आमच्या भागात रीत आहे. बाळ पहिल्यांदा कुणाच्या घरी गेले, की त्याला एक अंडे, चिमूटभर मीठ, काडेपेटीतली एक काडी आणि चांदीचे नाणे देतात. अन्न, चव, ऊब आणि लक्ष्मी आयुष्यभर सोबत राहावी, असा हेतू. रीत सुंदर आहे. फक्त तीन आठवड्यांच्या मुलाला खिसे नसतात, त्यामुळे अंडी बापाला बाळगावी लागतात. त्या आठवड्यात मी बाबागाडी ढकलत घरोघर हिंडलो, आणि प्रत्येक घरी नाव सांगून, बहुतेक घरांतून अंडे घेऊन बाहेर पडलो.

शेजारच्या मिसेस ॲक्रॉइड म्हणाल्या, "अहो मिस्टर पील, बायकोचं आडनाव ठाऊक आहे मला. बाळाचं नाव सांगा."

"हेच नाव."

"गॉक्रोजर पील?"

"गॉक्रोजर पील."

मिसेस ॲक्रॉइडनी बाळाकडे फार मायेने पाहिले. आजारी माणसाकडे पाहावे तसे. "माझ्या बहिणीनं तिच्या मुलाचं नाव कुठल्याशा तळ्यावरनं ठेवलं," त्या म्हणाल्या. "तो आता ऑस्ट्रेलियात असतो."

"नावामुळे?"

"तसं मी कुठं म्हटलं? पण एक सांगू? रोजच्या वापराला एक धाकटं नाव ठेवा हो. कशी सोनेरी काठाची कपबशी पाहुण्यांना काढतो आणि आपण आपली जाड कपात पितो, तसं." मग त्यांनी स्वयंपाकघरात जाऊन मीठ, काडी आणि नाणे आणले. अंडी संपली होती. "अंडं राहिलं माझ्याकडे. देईन हो. बाळाची बाकी ठेवणार नाही मी."

शाळेतले गणिताचे मास्तर बूथ यांनी चहाच्या सुट्टीत मला कोपऱ्यात घेतले. "पील, वर्गाची हजेरी तूच घेतोस ना?"

"हो."

"मग तुला मी काय सांगणार?"

"कशाबद्दल?"

"काही नाही रे. चांगलं आहे नाव. मजबूत आहे."

मजबूत हे विशेषण आमच्याकडे बुटांना लावतात. मी हजेरी घेतो हे खरे आहे. एखादे लांब नाव वर्गातल्या मुलांच्या हाती लागले, की त्याचे काय काय तुकडे होतात, हेही मला ठाऊक आहे. पण प्रत्येक सुधारकाला आरंभी थोडे सोसावे लागते, असे मी मनाशी म्हटले. सोसणार मी नसून तो होता, हा बारकावा तेव्हा ध्यानात आला नाही.

गुरुवारी बँडमास्तर मिस्टर हॉइल घरी आले. हे व्यवसायाने खाटीक आणि वृत्तीने कलावंत. माझे सासरे त्यांच्या गिरणी बँडमध्ये चाळीसेक वर्षे पितळेचे एक प्रचंड वाद्य पोटाशी धरून फुंकत आले होते. हॉइल खुर्चीच्या काठावर बसले, हॅट गुडघ्यावर ठेवली आणि म्हणाले, "बारशाला चॅपेलच्या दारात बँड वाजणार. ठरलं आमचं."

"अहो, कशाला एवढं?"

"म्हाताऱ्याचं नाव पुढे चालतंय, आणि बँडनं गप्प बसायचं? एक कवायतीची चाल आहे, ती बसवतोय. शेवटी सगळ्यांनी वाद्यं खाली करायची आणि मुलाच्या नावाचा तीनदा गजर करायचा." त्यांनी थोडा विचार केला. "जरा अडचण येतेय. नाव तालात बसत नाही. एक मात्रा उरते. तेवढ्यात ढोलवाल्याला थांबायला सांगितलंय, पण तो म्हणतो, उतारावर चालताना ढोल थांबत नाही."

"आणि माझे सासरे? ते काय म्हणतात?"

"ते 'हं' म्हणाले."

शुक्रवारी केक आला. बारशाला अजून आठवडा होता. सासूबाईंनी गावातल्या बेकरीत सांगितलेला हा केक चाकासारखा गोल होता, आणि त्यावर निळ्या साखरेने नाव लिहायचे होते. बेकरीवाल्याने भारदस्त अक्षरात आरंभ केला होता. नाव निम्म्यावर आले, तेव्हा जागा संपत आल्याचे त्याच्या लक्षात आले असावे, कारण पुढची अक्षरे एकमेकांना खेटून, अंग चोरून उभी होती. शेवटची दोन केकच्या कडेवरून खाली उतरली होती. 'पील' हा शब्द पुठ्ठ्यावर होता.

"छान झालाय," सासूबाई म्हणाल्या.

"छानच," रोझलिंड म्हणाली.

मग सासूबाईंनी केकवर झाकण घातले.

या गडबडीत नोंदणी राहूनच गेली होती. म्हणजे मी प्रयत्न केला नव्हता असे नाही. बुधवारी दुपारी मी शाळेतून परवानगी काढून नोंदणी कचेरीत गेलो होतो, तर दाराला कुलूप. बुधवारी दुपारी आमचे गाव बंद असते. खाटीक, बेकरी, बँक, कचेरी, सगळे. तिथे मी नऊ वर्षे राहत होतो आणि दर बुधवारी हे विसरत होतो. "तिकडचा आहे," असे समोरच्या बाकावरचे एक गृहस्थ दुसऱ्याला म्हणाल्याचे मी स्पष्ट ऐकले. म्हणून शुक्रवारी, केकचे दर्शन घेऊन, मी पुन्हा निघालो. लग्नातला कोट घातला होता. वंशाचा दिवा कागदावर उतरवायचा, तर पोशाखही त्याला साजेसा हवा.

कोपऱ्यावर मिसेस ॲक्रॉइड धावत आल्या. "मिस्टर पील! थांबा हो! हे घ्या बाळाचं अंडं!" रुमालात बांधलेले अंडे त्यांनी माझ्या हाती ठेवले. माझ्या एका हातात छत्री होती, दुसऱ्या हातात कागद. मी अंडे कोटाच्या आतल्या खिशात, छातीशी जपून ठेवले.

नोंदणी कचेरीतल्या मिस पिकप उंच, करड्या केसांच्या बाई होत्या. त्यांच्यासमोर जाड रजिस्टर उघडे होते आणि शेजारी सरकारी शाईची दौत होती. ही शाई वाळली, की काळी पडते आणि शंभर वर्षे टिकते, असे त्यांनी मला सुरुवातीलाच सांगितले. ती सूचना होती, हे मला नंतर समजले.

"बाळाचं नाव?"

"गॉक्रोजर."

"हे आईचं माहेरचं आडनाव ना? ते या रकान्यात येईल."

"ते तिथेही येईल. इथेही येईल."

"दोनदा?"

"दोनदा."

मिस पिकपनी टाक दौतीत ठेवला. "मिस्टर पील, मी जन्मही लिहिते आणि मृत्यूही लिहिते. माझा अनुभव असा आहे, की दुसऱ्या बाबतीत लोकांनी जास्त विचार केलेला असतो."

"आम्ही पूर्ण विचार केला आहे," मी ताठ होत म्हणालो.

"ठीक आहे. अक्षरं बरोबर आहेत का, या कागदावर बघून सांगा."

मी पाहण्यासाठी टेबलावरून पुढे वाकलो. छातीत काहीतरी मोडल्याचा आवाज आला. क्षणभर मला भावनेचा भर वाटला. मग कोटाच्या आतून काहीतरी गार खाली उतरू लागले, वेस्टकोटाच्या शेवटच्या गुंडीशी घोटाळले आणि तिथून टेबलावर, मंदपणे परंतु निश्चित दिशेने, रजिस्टराकडे निघाले.

मिस पिकपनी ते रजिस्टर असे उचलले, की कोणत्याही आईने मूल इतक्या चपळाईने उचलले नसेल.

"अंडं," मी म्हणालो. "आमच्या शेजारणीनं..."

"दिसतंय मला," रजिस्टर छातीशी धरून त्या म्हणाल्या. "या पुस्तकात लढाईतून आलेल्या माणसांनी सह्या केल्यात, मिस्टर पील. अंडं कुणी आणलं नव्हतं. सोमवारी या. रिकाम्या खिशांनी या."

लग्नाच्या कोटाला अंडे फासून मी भर बाजारातून घरी गेलो. माणसे वाट देत होती, कुणीही काही विचारत नव्हते. हे न विचारणेच मला सर्वांत लागले.

रविवारी दुपारी आम्ही सासऱ्यांकडे जेवलो. जेवणानंतर सासरे उठले, टोपी घातली आणि "पाय मोकळे करतो" असे म्हणून बाबागाडी घेऊन निघाले. आमच्या दरीत त्या वयाचा पुरुष बाबागाडी ढकलत नाही. ते ती हातभर अंतरावरून अशी ढकलत होते, की रस्त्यात सापडलेली वस्तू ठाण्यावर पोहोचवायला निघालेत, असे वाटावे. सासूबाईंनी मला डोळ्याने खूण केली, म्हणून मीही मागोमाग गेलो.

आम्ही कालव्याच्या काठाने चाललो. पाणी अडवायच्या लाकडी दारांपाशी पोचलो, तोच मुलगा रडू लागला. सासरे थांबले. आजूबाजूला कुणी नाही असे पाहून गाडीवर वाकले.

"काय रे?" ते म्हणाले. "काय झालं रे, गॉ..."

शब्द तिथेच अडला. त्यांनी पुन्हा तोंड उघडले. पुन्हा मिटले. मुलाने आवाज चढवला.

"उगी, उगी. उगी रे राजा," सासरे पुटपुटले.

"नावानं हाक मारा ना," मी म्हणालो. "ओळखेल तो."

"तू मार."

मी वाकलो. लालबुंद झालेला तो चिमुकला चेहरा, दात नसलेले तोंड, कानावर आलेली टोपी. मी नाव उच्चारायला श्वास घेतला, आणि माझ्या तोंडून निघाले, "काय झालं साहेब?"

आम्ही दोघे सरळ उभे राहिलो. त्या क्षणी माझ्या ध्यानात आले, की सबंध आठवड्यात हे नाव मी साऱ्या दरीला सांगितले होते. ज्याचे होते, त्याला मात्र एकदाही त्या नावाने हाक मारली नव्हती. कुणीच मारली नव्हती. रोझलिंड 'सोन्या' म्हणे, सासूबाई 'छकुला', मिसेस ॲक्रॉइड 'बिच्चारा'.

पाण्यावरून दोन बदके गेली. सासऱ्यांनी पाइप काढला, पण पेटवला नाही.

"एक विचारू?" ते म्हणाले. "तुला आवडतं का रे हे नाव? मनापासून?"

"मला? मी तर तुमच्यासाठी..."

"माझ्यासाठी?"

"तुमचं घराणं. तीन मुलीच. नाव बुडणार, म्हणून तुम्हाला आतून..."

"बुडणार!" सासरे एवढ्या जोराने म्हणाले, की मुलगा रडायचा थांबला. "अरे, प्रत्येक वेळी मुलगी झाली की मी चॅपेलमध्ये जाऊन देवाचे आभार मानून यायचो. म्हटलं, मोठ्या होतील, लग्न करतील, सुटतील बिचाऱ्या. शाळेत पोरं मला काय काय म्हणायची, ते रविवारी सांगत नाही. सैन्यात हजेरी घेताना सार्जंट माझ्या नावाशी आला, की आधी पाणी प्यायचा. आडनाव आहे तोवर ठीक आहे. मागं असतं, गाडीसारखं ओढता येतं. तेच पुढं बांधलं, तर माणसाला रस्ता दिसायचा कसा?"

"मग त्या दिवशी मळ्यात का नाही बोललात? माझ्या मिश्यांबद्दल बोललात. माझ्या सायकलीबद्दल बोललात!"

सासऱ्यांनी पाइप पुन्हा खिशात घातला.

"त्या मिश्या वाईटच होत्या," ते म्हणाले. "कुणी वाईट केलं, की तोंडावर सांगायचं, हे आम्हाला लहानपणापासून शिकवलंय. कुणी आपल्यासाठी चांगलं करायला निघालं, तर काय बोलायचं, ते कुणी शिकवलं नाही. तू तिकडचा पोरगा. माझं नाव तुझ्या मुलाला द्यायला निघालास. मी खोपट्यात जाऊन बसलो. मला सुचेचना काही."

मला हसू फुटले. आधी दाबून पाहिले, दाबले जाईना. मी कालव्याच्या दाराच्या तुळईवर बसलो आणि हसत सुटलो. सासऱ्यांचे खांदे हलू लागले. नऊ वर्षांत मी त्यांना हसताना पाहिले नव्हते. त्यांचे हसणे त्यांच्या वाद्यासारखे होते, खालच्या पट्टीतले आणि पोटातून येणारे. आठवडाभर छातीवर ठेवलेले ओझे कुणीतरी उचलून कालव्यात टाकावे, तसे मला वाटले.

"बरं, मग आता नाव काय ठेवायचं, मिस्टर गॉक्रोजर?" मी डोळे पुसत विचारले.

"ते तू आणि तुझी बायको बघा. माझं टाकायचंच असेल, तर मधे टाक. मधलं नाव आणि सदऱ्याचा खोचलेला भाग, कुणाला दिसत नाही." त्यांनी बाबागाडी वळवली. चार पावले गेल्यावर मागे न पाहता म्हणाले, "आणि ते मिस्टर गॉक्रोजर पुरे झालं आता. वॉल्टर नाव आहे माझं."

हे मला ठाऊक नव्हते, असे नाही. लग्नाच्या दाखल्यावर ते होते. पण एखादी खोली घरात आहे हे माहीत असणे वेगळे, आणि तिचे दार आपल्यासाठी उघडणे वेगळे.

घरी सांगितले, तेव्हा रोझलिंड आधी रडली आणि मग तिला हसू आवरेना. "लग्नात चॅपेलमध्ये सही करताना माझा हात थरथरत होता. तुला काय वाटलं, प्रेमानं? अरे, शेवटची सही होती ती त्या नावाची! आनंद मावत नव्हता!"

"अगं, मग बोलली का नाहीस?"

"बाबा एवढे खूश झालेत, म्हणून तूच सांगितलंस ना!"

"आणि तुम्ही?" मी सासूबाईंकडे वळलो.

"मी केक सांगून बसले होते," त्या म्हणाल्या.

त्या रात्री मी आणि रोझलिंडने दोन मिनिटांत नाव ठरवले. कुणालाही विचारले नाही, कुणालाही सांगितले नाही.

सोमवारी सकाळी मी दुधाच्या बाटल्यांच्या आवाजाने जागा झालो, राख काढली, कोळसा भरला, दोन टोस्ट भाजले. दोन्ही चांगले निघाले. शाळेतून तासाभराची सुट्टी घेऊन कचेरीत गेलो. वाटेत मिस्टर हॉइल दुकानाच्या दारात उभे होते. त्यांना एवढेच म्हणालो, की बारशाला गजर नको, नुसती चाल वाजवा. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत धरला. "देव तुमचं भलं करो," ते म्हणाले. "ढोलवाला राजीनामा घेऊन आला होता."

मिस पिकपनी आधी माझ्या खिशांकडे पाहिले. मी ते उलटे करून दाखवले. मग त्यांनी रजिस्टर उघडले.

"बाळाचं नाव?"

"वॉल्टर."

टाक दौतीवर क्षणभर थांबला. "वॉल्टर. आणि पुढे?"

"गॉक्रोजर. मधे."

"मधे," मिस पिकप म्हणाल्या. हातातली जड पिशवी जमिनीवर ठेवताना माणूस जसा श्वास सोडतो, तसा त्यांनी तो शब्द उच्चारला. त्यांनी लिहिले, टिपकागद दाबला, रजिस्टर माझ्याकडे वळवले. मी सही केली. शाई अजून निळी होती.

दुपारी शाळा सुटल्यावर मी बाबागाडी घेऊन मळ्यात गेलो. सासरे लीकच्या वाफ्याशी गुडघे टेकून होते. प्रदर्शन शनिवारी होते.

"नोंद करून आलो," मी म्हणालो.

"हं?"

"वॉल्टर."

त्यांना आधी वाटले, मी त्यांनाच हाक मारली. त्यांनी वर पाहिले. मी बाबागाडीकडे बोट केले. उठले, हात पँटला पुसले, खोपट्यात गेले. आत डबे हलवल्याचे, फळीवरचे काही खाली पडल्याचे आवाज आले. मग ते रिकाम्या हाताने बाहेर आले, वाफ्याभोवती एकदा फिरले, माती खणायचा काटा उचलला आणि तीन लीकपैकी मधला, सर्वांत मोठा, मुळांसकट अलगद उपटला. माती झटकली आणि बाबागाडीत, पांघरुणावर, मुलाच्या कुशीला ठेवला. तो मुलापेक्षा लांब होता.

"पहिल्यांदाच आलाय इथं," ते म्हणाले. "अंडं नव्हतं."

मग ते पुन्हा गुडघे टेकून खड्डा बुजवू लागले.